प्रांत आधी की कोर्ट आधी? वारस नोंदीत बहिणीचं नाव राहून गेलं तेव्हा

सातारा जिल्ह्यातलं माहेर असलेल्या आणि सध्या चिंचवडला राहणाऱ्या एका वाचक भगिनीचं पत्र आलं आहे. पत्र लांब आहे, त्यातला मुख्य भाग असा:

«आमचे आबा २०२१ मध्ये गेले. मागे आई, दोन भाऊ आणि मी. जमीन आजोबांकडून आलेली, बागायत. गेल्या महिन्यात मुलाने सहज म्हणून ऑनलाइन सातबारा काढला, तर त्यावर आई आणि दोन्ही भाऊ, माझं नावच नाही. २०२२ मध्येच वारस नोंद मंजूर झालेली. मला कसली नोटीस आली नाही. थोरल्या भावाला फोन केला तर म्हणाला, ‘आबांनी मृत्युपत्र केलंय, तुझा आता काही संबंध नाही.’ ते मृत्युपत्र मी पाहिलेलं नाही. रस्त्यालगतचा एक एकर विकायचं चाललंय असं गावातून कळलं. माझे दीर म्हणतात, तलाठी, तहसीलदार, शासन सगळ्यांना पार्टी करून दावा टाकू, नाहीतर आता कोल्हापूरला हायकोर्टाचं बेंच झालंय, तिथे थेट रिट टाकू. चुलत दीर महसूल खात्यातून निवृत्त झालेले. ते म्हणतात, आधी प्रांत, मग कलेक्टर, मग आयुक्त, सगळं संपल्याशिवाय कोर्ट उभंच करत नाही. कुणाचं ऐकू? आई मधल्यामध्ये अडकलीय. मला भांडण नकोय, पण मी आबांची मुलगी नाही असं कागद म्हणतोय ते सहन होत नाही.»

ताई,

तुमचं शेवटचं वाक्य वाचून आधी एवढंच सांगते: तुम्ही मागताय ते काही जास्तीचं नाही. वारस नोंदीत मुलीचं नाव न धरणं हा घरातला समजुतीचा मामला नाही, ती चुकीची नोंद आहे. ती दुरुस्त करून मागण्यात माहेर तोडल्यासारखं काही नाही.

आता प्रश्नाकडे. तुमच्या दोन्ही दिरांचं निम्मं निम्मं बरोबर आहे. गोंधळ झालाय तो दोन वेगळे प्रश्न एकत्र बांधल्यामुळे. एक प्रश्न आहे सातबाऱ्यावरच्या नोंदीचा, दुसरा जमिनीतल्या हक्काचा. नोंद महसूल खात्याच्या हातात असते, हक्क ठरवतं दिवाणी न्यायालय. फेरफार, म्हणजे सातबाऱ्यात बदल करणारी नोंद, मंजूर झाला म्हणून कोणी मालक होत नाही आणि फेरफारात नाव नाही म्हणून मालकी जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ पासून वारंवार सांगितलंय. फेरफाराचा मूळ उपयोग शेतसारा कोणाकडून घ्यायचा हे ठरवण्यापुरता. पण महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम १५७ सांगतं की अधिकार अभिलेखातली नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानायची. म्हणजे नोंदीने हक्क मिळत नसला तरी सिद्ध करायचं ओझं ती तुमच्या डोक्यावर टाकते. आणि जमीन बघायला येणारा माणूस सातबाराच बघतो. म्हणून नोंदीकडे दुर्लक्ष करून चालणार नाही.

चुलत दिरांचं म्हणणं हवेतून आलेलं नाही. १८७६ चा मुंबई महसूल अधिकारिता कायदा आहे. त्याचं कलम ११ म्हणतं की महसूल अधिकाऱ्याच्या कृतीवरून सरकारविरुद्ध दावा लावायचा असेल, तर कायद्याने उपलब्ध असलेली आणि दाव्याच्या मुदतीत करणं शक्य असलेली सगळी अपिलं आधी केली होती, हे वादीने दाखवलं पाहिजे. ते नसेल तर न्यायालय असा दावा ऐकत नाही. शिवाय जमीन महसूल संहितेचं कलम १५८: अमुक नोंद करा, तमुक काढा, एवढ्याचसाठी राज्य शासनावर किंवा त्याच्या अधिकाऱ्यावर दावा चालतच नाही. तेव्हा तलाठी, तहसीलदार, शासन यांना प्रतिवादी करून ‘माझं नाव लावा’ असा दावा टाकायची तुमच्या दिरांची कल्पना सोडून द्या. त्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० खाली दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागेल ते वेगळंच. एवढा खटाटोप करून पहिल्याच तारखेला दावा अडकेल.

पण हेही नीट बघा की तुमचं भांडण सरकारशी नाही. तलाठ्याने तुमची जमीन घेतलेली नाही. वाद आहे तो भावांशी. वाटपाचा दावा आई आणि भावांवर लावायचा असतो, त्यात शासनाला पक्षकार करायची गरज नाही, आणि शासन पक्षकार नसेल तर १८७६ चं ते कलमही आडवं येत नाही. ‘सगळं संपल्याशिवाय कोर्ट नाही’ हा नियम चुलत दीर तुम्हाला सांगताहेत खरा, पण तो तुमच्या वाटपाच्या दाव्याला लागू नाही. या एका गैरसमजापायी अनेक बहिणी प्रांत (उपविभागीय अधिकारी), कलेक्टर, आयुक्त करत सहा-सात वर्षं घालवतात आणि तोवर जमीन तिसऱ्याच्या नावावर गेलेली असते. मला हे पाहून फार वाईट वाटतं, कारण त्यांनी आळस केलेला नसतो, सांगितलं तसंच केलेलं असतं.

ज्यांचा वाद खरोखर शासनाशीच आहे, म्हणजे सातबाऱ्यावर अचानक ‘महाराष्ट्र शासन’ आलं किंवा वहिवाटीची जमीन सरकारी ठरवली, अशा वाचकांसाठी एक ओळ. जमीन महसूल संहितेच्या कलम २० खाली जिल्हाधिकाऱ्यांपुढे चौकशी होऊन आदेश होतो, अपील असेल तर ते मुदतीत करायचं आणि शेवटच्या आदेशापासून एका वर्षात दिवाणी दावा. ते वर्ष गेलं की सामनेवाल्याने मुदतीचा मुद्दा काढला नाही तरी दावा फेटाळला जातो. तिथे चुलत दिरांचा सल्ला तंतोतंत पाळायचा.

कोल्हापूरचं सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालं आणि सातारकरांची मुंबईची फेरी वाचली, ही चांगलीच गोष्ट आहे. म्हणून थेट रिट, म्हणजे सरकारी आदेशाविरुद्धची उच्च न्यायालयातली याचिका, टाकता येते असं मात्र नाही. अपिलाचा मार्ग शिल्लक असताना उच्च न्यायालय सहसा ‘आधी तिकडे जा’ म्हणतं. अपवाद आहेत, सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या व्हर्लपूल प्रकरणात ते मांडले: मूलभूत हक्काचा भंग, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारच नसताना दिलेला आदेश, किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान. तुम्हाला नोटीस मिळाली नाही हा नैसर्गिक न्यायाचा मुद्दा आहे हे खरं, पण तोच मुद्दा प्रांतांपुढेही तितक्याच जोराने मांडता येतो, शिवाय मृत्युपत्र खरं की खोटं याचा पुरावा रिटमध्ये घेत बसत नाहीत. खर्च होईल, हाती ‘पर्यायी मार्ग उपलब्ध’ असा एक परिच्छेद येईल.

मग करायचं काय? पहिलं काम कागद गोळा करण्याचं, आणि ते याच आठवड्यात. तलाठी कार्यालयातून किंवा तहसीलच्या अभिलेख कक्षातून त्या फेरफाराची प्रमाणित प्रत घ्या. नुसता फेरफार नको, त्यासोबतची सगळी फाईल: वारस नोंदीचा अर्ज, भावांनी दिलेलं प्रतिज्ञापत्र, गाव नमुना ६क (वारसांची नोंदवही) मधली नोंद, नोटिसा कोणाला बजावल्या त्याचे कागद. देत नसतील तर माहिती अधिकारात मागा. ही फाईल तुमच्या हातातला सगळ्यात मोठा पुरावा ठरू शकते. २०२२ मध्ये भावांनी ‘आम्ही वारस आहोत’ म्हणून नोंद करून घेतली असेल आणि त्या अर्जात मृत्युपत्राचा उल्लेखही नसेल, तर आज अचानक मृत्युपत्र कुठून आलं, हा प्रश्न कोणतंही न्यायालय विचारेल. आबांच्या निधनानंतर काही महिन्यांतच जो कागद पुढे यायला हवा होता तो तुमच्या फोननंतर निघतो, याला अर्थ आहे. प्रतिज्ञापत्रात ‘आम्हाला बहीण नाही’ किंवा ‘याखेरीज वारस नाहीत’ असं लिहिलं असेल तर तो शपथेवरचा खोटेपणा आहे. त्यावरून फौजदारी करायची घाई मात्र नको. आईसाठी तरी नको.

सोबत आजोबांच्या वेळचे फेरफारही काढा. ‘आजोबांकडून आलेली’ एवढ्यावर जमीन एकत्र कुटुंबाची ठरत नाही. आजोबा केव्हा गेले, जमीन त्यांनी स्वतः घेतलेली की त्यांच्याही वडिलांची, आबांच्या नावावर ती वाटपाने आली की वारसाने, यावर बरंच अवलंबून आहे. आजोबांची स्वकष्टाची जमीन १९५६ नंतर आबांना वारसाने मिळाली असेल तर ती आबांची स्वतःची धरली जाऊ शकते, १९८६ पासून सर्वोच्च न्यायालयाची तशी भूमिका आहे. फरक कुठे पडतो बघा. मृत्युपत्र नसेल तर दोन्ही परिस्थितीत तुमचा हिस्सा साधारण चार आण्यांचाच येतो: आई, दोन भाऊ, तुम्ही. मृत्युपत्र निघालंच आणि ते खरं ठरलं, तर मात्र आबांच्या स्वतःच्या जमिनीत तुम्हाला काही उरणार नाही, पण एकत्र कुटुंबाच्या जमिनीत आबांना फक्त त्यांच्या स्वतःच्या हिश्श्यापुरतं मृत्युपत्र करता येतं. तुमचा जन्माने आलेला पाचवा हिस्सा ते कोणाला देऊ शकत नव्हते. हिंदू वारसा कायद्यातल्या २००५ च्या दुरुस्तीने मुलगी मुलासारखीच सहदायाद, म्हणजे जन्माने हिस्सेदार, झाली आणि सर्वोच्च न्यायालयाच्या ११ ऑगस्ट २०२० च्या निकालाने, वडील केव्हा वारले यावर ते अवलंबून नाही हेही स्पष्ट झालं. आबा २०२१ मध्ये गेले, त्यामुळे तुमच्याबाबतीत तो प्रश्न तसाही उरत नाही.

दुसरं काम प्रांतांकडचं अपील. मंडळ अधिकाऱ्याने मंजूर केलेल्या फेरफारावर महसूल संहितेच्या कलम २४७ खाली उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील होतं, मुदत ६० दिवसांची. २०२२ ची नोंद म्हणजे मुदत कधीच गेली. पण कलम २५१ खाली विलंब माफ करता येतो, पुरेसं कारण पटवून द्यावं लागतं. तुमचं कारण सरळ आहे: नोटीस मिळाली नाही, राहता चिंचवडला, ऑनलाइन सातबारा पाहिला तेव्हा कळलं. तो सातबारा ज्या तारखेला काढला ती तारीख दिसेल अशी प्रत जपून ठेवा, मुलाच्या मोबाईलमध्ये डाउनलोडची नोंद असेल तीही. कळल्यापासून ६० दिवसांच्या आत अपील गेलं तर विलंब माफीचा अर्ज भक्कम होतो. एक महिना झालाच आहे, म्हणून म्हणते, थांबू नका.

अपिलासोबत तुमचा जन्मदाखला किंवा शाळा सोडल्याचा दाखला, जुनं रेशनकार्ड, असे आबांची मुलगी दाखवणारे कागद जोडा आणि कलम २५६ खाली स्थगितीचा अर्ज द्या. तहसीलच्या आवारात कोणीतरी नक्की सांगेल, ‘अपील कशाला, एकशे पंचावन्नचा अर्ज टाका, महिन्यात काम होतं.’ त्या वाटेला जाऊ नका. कलम १५५ लेखनप्रमादासाठी आहे, नावात काना-मात्रा चुकली, क्षेत्र लिहिताना आकडा चुकला अशा गोष्टींसाठी. वारस वगळणं हा लेखनप्रमाद नाही. तहसीलदारांनी त्याखाली नाव लावलं तरी भाऊ वर जातील आणि तिथे ते टिकणं कठीण.

प्रांतांपुढे काय होईल ते आताच सांगते. भावांनी मृत्युपत्र आणलंच नाही, तर विषय सोपा आहे: वारस किती, हे दाखल्यांवरून ठरतं आणि नोंद दुरुस्त व्हायला हवी. मृत्युपत्र आणलं तर ते खरं की खोटं, आबांची सही की नाही, हे ठरवायचा अधिकार महसूल अधिकाऱ्याला नाही. मृत्युपत्रावरून हक्काचा वाद असेल तर पक्षकाराने दिवाणी न्यायालयात जावं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये जितेंद्र सिंह प्रकरणात स्पष्ट म्हटलंय. तेव्हा प्रांतांनी ‘दिवाणी न्यायालयातून हक्क ठरवून घ्या’ म्हटलं तर तो पराभव समजू नका. त्यापुढे जिल्हाधिकाऱ्यांकडे जायचं की नाही, हे तेव्हा वकिलांशी बोलून ठरवा. माझं मत विचाराल तर, मृत्युपत्र पुढे आलं की महसुलाच्या वरच्या पायऱ्यांवर पैसा आणि उमेद घालवू नये.

आणि म्हणूनच तिसरं काम दुसऱ्याच्या बरोबरीने करायचं, नंतर नाही. प्रांतांकडे अपील चालू असताना दिवाणी दाव्याची मुदत थांबत नाही. हे वाक्य चुलत दिरांनाही वाचून दाखवा. हक्क जाहीर करून मागायच्या दाव्याला, तो हक्क नाकारला गेल्यापासून तीन वर्षं असतात, आणि भाऊ ‘तुझा काही संबंध नाही’ म्हणाला त्या फोनपासून ती मोजायला सुरुवात झाली असं सामनेवाल्यांचे वकील म्हणणारच. एकत्र कुटुंबातून बाहेर काढलं गेल्यास हिस्सा मागायला १२ वर्षं आहेत, पण त्या भरवशावर राहू नये. महसूल कार्यालयात गेलेला काळ मुदत कायद्याच्या कलम १४ ने वजा मिळेल, असंही गृहीत धरू नका. दोन्हीकडची मागणी वेगळी असल्याने ते बहुतेक वेळा मिळत नाही.

तुमच्या प्रकरणात तर मुदतीपेक्षाही घाई आहे ती विक्रीची. प्रांतांची स्थगिती फेरफारापुरती. ती हातात असली तरी दुय्यम निबंधक खरेदीखत नोंदवू शकतो, कारण मालकी तपासणं हे त्याचं काम नाही. विक्री अडवायची तर दिवाणी न्यायालयाचा मनाई हुकूमच लागतो. म्हणून वाटप, स्वतंत्र ताबा, हक्काची घोषणा आणि निरंतर ताकीद (कायमची मनाई) असा दावा, आणि त्यासोबत निकालापर्यंतच्या तूर्तातूर्त मनाईचा अर्ज. भावाला स्वतःचा अविभक्त हिस्सा विकता येतो. पण रस्त्यालगतचा तोच एकर त्याचा, हे वाटप होण्याआधी त्याला एकट्याला ठरवता येत नाही. सगळ्यात मोलाचा तुकडा आधी विकून खडकाळ बाजू बहिणीसाठी ठेवायची, हे होऊ न देण्याची जागा ती.

दावा दाखल झाला की त्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवून घ्या. संपत्ती हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ ला आपल्याकडे राज्याची दुरुस्ती आहे, दावा चालू असताना घेणाऱ्यावर निकाल बंधनकारक व्हावा यासाठी ही नोंदणी महत्त्वाची. वकील कामाच्या गडबडीत विसरतात, तुम्ही आठवण करा. तसंच स्थानिक वर्तमानपत्रात खरेदीदाराच्या वकिलाची जाहीर नोटीस येते का बघत राहा, आली तर दिलेल्या मुदतीत लेखी हरकत पाठवा. महसूल खात्याच्या ‘आपली चावडी’ या ऑनलाइन पानावर गावाचे नवे फेरफार दिसतात. विक्रीचा फेरफार पडला तर १५ दिवसांत तलाठ्याकडे, आता ज्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणतात त्यांच्याकडे, लेखी हरकत द्या आणि पोच घ्या. मग ते प्रकरण विवादग्रस्त नोंदवहीत जातं, परस्पर मंजूर होत नाही.

खर्चाची काळजी तुम्ही पत्रात लिहिली नाहीत, पण असणार. विधी सेवा प्राधिकरणाकडून स्त्रीला मोफत वकील मिळतो, त्याला उत्पन्नाची अट नाही, १९८७ च्या कायद्यात तशी तरतूदच आहे. तालुका न्यायालयातल्या विधी सेवा समितीत अर्ज करा. मालमत्तेच्या वादात महिलांना कोर्ट फी माफीची राज्याची १९९४ ची अधिसूचनाही आहे, ती तुमच्या दाव्याला कशी लागू होईल ते वकिलांना विचारा.

हे सगळं करण्याआधी एक पत्र भावांना लिहा. फोन नको, पोच मिळेल असं स्पीड पोस्टाने पत्र. ‘वारस नोंदीत माझं नाव राहिलं आहे, आपण चौघांनी मिळून तहसीलला अर्ज करू, मृत्युपत्र असेल तर त्याची प्रत पाठवा, तोवर जमीन विकू नका.’ उत्तराला आठ दिवस द्या. भाऊ तयार झाले तर तुमचं काम एका संमतीच्या अर्जावर होईल आणि पुढे घरातच वाटप ठरलं तर महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदारांकडून ते करून घेता येतं. कोर्टाने वाटपाचा हुकूमनामा केला तरी शेतजमिनीची प्रत्यक्ष मोजणी-वाटणी शेवटी महसूल खात्याकडेच येते, त्यामुळे समजुतीने झालं तर बरीच वर्षं वाचतील. आईचंही नाव सातबाऱ्यावर आहे, तिचाही हिस्सा आहे. तिच्याकडून सध्या कोणत्याही कागदावर सही होऊ नये, एवढं तिला शांतपणे सांगा, बाजू घ्यायला लावू नका. आणि भाऊ तुमच्यापुढे ‘हक्कसोड’चा कागद ठेवतील, सणाला आल्यावर ‘नुसती सही कर, नंतर बघू’ म्हणतील. हक्कसोडपत्र एकदा निबंधकाकडे नोंदलं गेलं की ते मागे घेणं फार अवघड आहे. माहेरी गेलात तरी त्या फेरीत दुय्यम निबंधक कार्यालयाकडे जायचं नाही.

भावांच्या उत्तराची वाट बघताना फेरफाराच्या प्रमाणित प्रतीचा अर्ज मात्र आजच द्या. पत्राचं उत्तर आलं नाही तर नवव्या दिवशी अपील तयार असायला हवं, आणि प्रतीवाचून ते दाखल होत नाही.